गरीब झालेली म्हैस

भुरी म्हैस दूध द्यायची, पण लाथेसकट. दुभत्या जनावराच्या लाथा गोड म्हणणाऱ्याने आधी तिची एक खाऊन बघावी! शामकलाच्या नडगीवर वळ कायमचे होते. शेवटी तिच्या नवऱ्याने, मंगरूने, म्हैस निवावी म्हणून गावच्या मातामाय देवीला कोंबडी कबूल केली.

आणि दिवाळीनंतरची मंडईची जत्रा भरायच्या आधीच भुरी निवली. लाथ नाही, शिंग उगारणं नाही. पाठ वर काढून, पुढचे कोपर फाकवून नुसती उभी राहायची. दूध आटलं होतं, पण तिकडे बघतो कोण! "गरीब झाली ना बाप्पा!" म्हणत मंगरूने नवस फेडला. शेजारीपाजारी रस्सा ओरपून गेले. शामकलाही खूश होती, हेच तर वाईट.

मंडई उलटली, भुरीने चारा सोडला, तेव्हा कुठे आमगावहून ढोरांच्या डॉक्टर चेतना मॅडम आल्या. त्यांनी भुरीच्या पाठीला जोराचा चिमटा घेतला. ती कण्हली, पण जागची हलली नाही.

"तणसाच्या चाऱ्यातून तार गेली असेल पोटात," मॅडम म्हणाल्या. "हललं की टोचते, म्हणून पाय उचलत नाही. कधीपासून अशी शांत आहे?"

मंगरू तोंड उघडणार, तोच शामकला बोलून गेली, "कालपासून जी."

दुखण्यावर नवस फेडला, हे कोणत्या तोंडाने सांगायचं? लाजेने तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"मग पोट उघडून तार काढू. मी सोय करते." मॅडमनी फोन काढला, आणि थांबल्या. "कालपासूनच ना? नीट सांगा, बाई. जुनं असेल तर तार काळजात शिरलेली असते. मग कापणं म्हणजे तिचे नुसते हाल."

शामकलाने भुरीकडे पाहिलं. खोटं बोललं तर आशा होती, आणि हालही होते.

"नाई जी," ती म्हणाली. "मंडईच्या आधीपासून उगीमुगी हाय. आमाले वाटलं, सुधरून राहिली."

मॅडमनी भुरीच्या डाव्या कोपरामागे नळी लावून बराच वेळ ऐकलं. मग फोन खिशात टाकला.

"दुखणं कमी व्हायचं इंजेक्शन देते," एवढंच म्हणाल्या.

शामकलाने भुरीची मान घट्ट धरली. धरायची काही गरज नव्हती. सुई निघाली, मॅडमनी पेटी बंद केली, तरी तिने हात काढला नाही.