पाण्याचा पदर

तापलेल्या दुधावरची साय काढली, तरी चमचा धुवून येईपर्यंत दुसरी धरलेली असते.

धाकटीने सकाळीच केसांना चांगलं चोपून तेल लावलं होतं.

"जोडीन की," वेल्डिंगवाला म्हणाला, "पण आच लागली की शेजारचं अंग मऊ पडतं. आज इथं मोडलीय, उद्या तिथं मोडेल."

एक खुर्ची टेबलावर उताणी पडली आहे आणि तिची मालकीण खाली चटईवर बसली आहे.

"गोंदाने?" भावोजी दारातून म्हणाले. "खुर्ची आहे की कपाचा कान?"

आता हे सगळं एका खोलीत आणू. धाकटी चाकांच्या खुर्चीतून बास्केटबॉल खेळते. परवा अंतिम सामना. साखळी सामन्यात समोरचीने अशी धडक दिली, की खुर्चीची पुढची नळी तडकली. दुसऱ्याची खुर्ची म्हणजे दुसऱ्याची चप्पल. चालता येतं, पळता येत नाही. ही खुर्ची उभी राहिली नाही, तर धाकटी कडेला बसून टाळ्या वाजवणार. तिची थोरली बहीण, भावोजींची बायको, विमानांच्या कारखान्यात अ‍ॅल्युमिनियमचे पत्रे एकमेकांना चिकटवते. तिने तडकलेल्या जागेवर बसेल अशी बाही, म्हणजे नळीवर चढणारी आखूड नळी, कापून आणली होती.

"ताई, धरेल ना गं?"

"गोंद सगळ्यांनाच धरतो, ठमे. आपलं अंग धरू देतं का, ते बघायचं."

थोरलीने हातमोजे चढवले. आधी अ‍ॅसिटोनने तेलकटपणा पुसला, मग नळीचा रंग खरवडला, मग पॉलिश पेपरने घासलं. चकाकी गेली, मंद राखाडी अंग वर आलं. पुन्हा अ‍ॅसिटोन. कापडाचा एक फेरा एकाच दिशेने, की ते कापड बाद. धाकटी बघत राहिली. आई पोळ्या लाटायची तेव्हा अशीच गप्प व्हायची, हात बोलायचे.

मग थोरलीने शुद्ध पाणी ओतलं. पाणी नळीभर पसरलं, कुठे थेंब नाही, कुठे भोक नाही.

"पदर आला," ती म्हणाली. कारखान्यात तिने हाच शब्द रुजवला होता. पाण्याचा अखंड पदर राहिला तर अंग स्वच्छ. फाटला तर पहिल्यापासून.

गरम हवेने नळी वाळवून ती गोंदाचे दोन भाग कालवायला लागली. "घाई करायची. घासलेल्या अ‍ॅल्युमिनियमवर साय धरते, दिसत नाही इतकी पातळ. ती जुनी व्हायच्या आत चिकटवायचं."

"काय रूप आणलंस गं!" धाकटीने चटईवरून हात उंचावला आणि नळीवरून अंगठा फिरवला. त्यांच्या घरात कौतुक असंच करायचे. लेकरू असो, की नवी कढई.

थोरलीचा हात थांबला. तिने पुन्हा पाणी ओतलं. पाणी अंगठ्याच्या ठशापाशी आलं आणि भांडण झालेल्या शेजाऱ्यासारखं वळसा घालून गेलं.

"केसांचं तेल," धाकटी पुटपुटली. कालवलेला गोंद वाटीत घट्ट होत चालला होता. पुड्यात जेमतेम एका वेळचा उरला होता. "ताई, ओरड तरी."

"ओरडल्याने निघतं होय? सरक, उजेड अडवतेस."

आणि ती पहिल्यापासून सुरू झाली. तोच पेपर, तेच फेरे. एकही पायरी गाळली नाही, एकही रागाने केली नाही. धाकटीने हात मांडीखाली दाबून ठेवले. दुसऱ्यांदा पदर आला तेव्हा भावोजीही दारातून आत येऊन श्वास रोखून उभे होते.

"भावोजींचा विनोद चिकटवायलाही लागेल का हाच गोंद?" धाकटीने विचारलं.

"तो तुटलेलाच बरा," थोरली म्हणाली, उरलेला गोंद कालवून लावला आणि बाही फिरवत फिरवत नळीवर चढवली.

अंतिम सामन्यात तीच समोरची पुन्हा आली. धाकटीने ब्रेक लावल्यासारखं केलं, क्षणभरच. मग दोन्ही चाकांना जोर दिला आणि स्वतःच जाऊन धडकली. आवाज असा झाला, की प्रेक्षक उठले. तिने नळीकडे पाहिलंच नाही. ती चेंडूकडे पाहत होती.

खुर्चीला हात लावायच्या आदल्या दिवशी थोरलीने तसल्याच नळीचे तुकडे तसेच जोडून, गोंद लवकर कडक व्हावा म्हणून, शेगडीजवळ ठेवले होते आणि सकाळी पकडीत धरून मोडून पाहिले होते. नळ्या वाकल्या, सांधा एकही सुटला नव्हता.