पातेल्यात गेलेली फुलं

पातेल्याचं झाकण खडखडलं, तशी मी धावत जाऊन ते उचललं. दुपारी सगळी इमारत सामसूम होती आणि माझी लेक मिरेला कशीबशी झोपली होती. पातेल्यात काळं पाणी उकळत होतं आणि त्यात एक फुलाफुलांचा झगा.

झगा माझा नव्हता. रोममधल्या ज्या शिवणघरात मी सिनेमाचे कपडे शिवते, तिथला होता. नायिकेनं जत्रेच्या दृश्यात घातलेला, एकुलता एक.

सकाळी तिच्यासाठी शिवलेला विधवेचा कोरा काळा झगा बघून एर्सिलियाबाई वैतागल्या होत्या. पोशाख ठरवतात त्याच. "काळा आहे गं, पण हिचा नवरा गेलाय असं कुठं वाटतंय? मेजवानीला निघालीय!"

"आमच्या गावात काळं विकत कोण घेतंय, बाई?" मी बोलून गेले. "माणूस गेलं की घरातलेच कपडे रंगाच्या पातेल्यात जातात."

त्यांनी माझ्याकडे रोखून पाहिलं. "मग घाल तिचा जत्रेचा झगा पातेल्यात. पण जत्रा पुन्हा चित्रित करायची ठरली, तर उद्यापासून घरीच बस."

मिरेला झाल्यानंतरची ही माझी पहिली नोकरी. काठीनं मी झगा खाली दाबला. मागून झोपाळू आवाज आला, "आई, फुलं बुडाली!"

दुसऱ्या दिवशी तिला सांभाळायला कुणी नव्हतं, म्हणून चित्रीकरणाला सोबतच नेलं. नायिका घराच्या दारात उभी राहिली. सावलीत झगा काळाभोर. ती अंगणातल्या उन्हात आली आणि काळ्याखालून फुलं दिसायला लागली, पुसट, जुन्या डागांसारखी. शेजारणीला तिनं म्हणायचं होतं, "किती सुखात होतो आम्ही." दिग्दर्शकानं हातातली संहिता मिटली. मग म्हणाला, "ते वाक्य आता कशाला? काढून टाका."

"माझं एकच चांगलं वाक्य होतं," नायिका ओरडली, "तेही हिनं पातेल्यात घातलं!"

सगळे हसले. एर्सिलियाबाई जवळून जाताना पुटपुटल्या, "उद्या लवकर ये. अजून तीन विधवा रंगवायच्यात. आणि जत्रा संपली म्हणे, पुन्हा नाही घेणार."

परतताना ट्राममध्ये मिरेला माझ्या मांडीवर बसली. माझी काळी पडलेली नखं एकेक करून घासत होती, थुंकी लावून. रंग काही निघेना, आणि मला त्याचं काहीच वाटत नव्हतं.

"आई," तिनं मान वर केली, "त्या बाईचा नवरा परत आला, तर फुलं पण परत वर येतील?"