धुराचं पिच्चर

उदगीरच्या स्टेशनाजवळ जलीलचं व्हिडिओ सेंटर जोरात चालायचं, तेव्हा लोक पिच्चर बघायला कमी आणि जलीलला ऐकायला जास्त यायचे. विलायती पिच्चर लागलं की तो टीव्हीच्या बाजूला स्टुलावर बसायचा. पडद्यावरच्या माणसानं नुसतं तोंड हलवायचं. त्याचं बोलणं निघायचं जलीलच्या गळ्यातून, अर्धं मराठीत, अर्धं दखनीत. इंग्रजी त्याला चहाच्या डब्यावरची वाचण्यापुरती यायची. पण चेहरा बघून तो गोष्ट ओढून आणायचा, विहिरीतून घागर ओढावी तशी. "जलीलभाईच्या पिच्चरमधली आई सोमवारी मरती अन् मंगळवारी लग्नाला येती," अशी गावात चेष्टा होती, आणि तिकीट काढून लोक दोन्ही दिवशी यायचे.

मग लातूरच्या बाजूनं शिकवणीचं वारं सुटलं. बोर्डात आलेल्या पोरांचे फोटो चौकाचौकात लागले. उदगीरच्या बापांनी आपापल्या पोरांचे कान धरले आणि त्यांना पिच्चरमधून उठवून गणितात बसवलं. एक दिवस जलीलची बाकडीसुद्धा शिकवणीला गेली. एका सरांनी ती जागेसकट भाड्यानं घेतली. टीव्ही आणि व्हीसीआर घरी आले, बेकार जावयासारखे कोपऱ्यात बसले.

त्या वर्षी थंडीच्या शेवटी माळसांगवीहून निरोप आला. चार महिन्यांपूर्वीच्या भूकंपात गाव सपाट झालं होतं. उरलेली माणसं माळावरच्या पत्र्याच्या शेडांत राहत होती. माणसं दिवसभर पत्र्याकडं बघत बसतात, त्यांना काहीतरी दाखवा, असं कुणीतरी कळवलं होतं. जलीलनं सामान टेम्पोत घातलं, दोन हसवायची पिच्चरं घेतली, आणि का कोण जाणे, तिसरी एक कॅसेट पण उचलली. तिच्यावरची चिठ्ठी कधीच निघून गेली होती. जलील तिला धुराचं पिच्चर म्हणायचा.

भर दुपारी मोठ्या शेडच्या खिडक्यांना मदतीत आलेली घोंगडी अडकवून अंधार केला होता. जलील वायरी जोडत होता. तेवढ्यात एक म्हातारी त्याच्या शेजारी येऊन टेकली.

"जयभीम, जलीलभाई. मी नागुबाई."

"सलाम, मावशी."

"तुमी म्हणं गोष्ट वळवता. मरायचं माणूस जगवता."

जलील हसला. "पोटासाठी, मावशी. लोकांना जे पाहिजे ते सांगतो."

"मग मला पाहिजे ते सांगा." तिनं हनुवटीनं दाराकडं दाखवलं. "त्यो बघा, माझा ल्योक. नरसिंग."

दारात चाळिशीचा एक रुंद हाडाचा माणूस उभा होता. अंगात मळकी बंडी, चेहऱ्यावर पाहुण्यासारखं हसू. येणाऱ्या-जाणाऱ्याला तो वाट करून देत होता.

नागुबाईनं हळूहळू सांगितलं. नरसिंग गवंडी. माळसांगवीची अर्धी घरं त्याच्या हातची. भूकंप झाला त्या रात्री तो चाकूरला कामावर होता. सकाळी ट्रकातून आला, गावाच्या जागी मोकळं आभाळ बघितलं, आणि म्हणाला, मी झोपलोय. त्याची बायको चंद्री घराखाली गेली होती. पोरगी विशाखा जिवंत निघाली. पण मी बांधलेली भिंत पडत नसती, असं तो म्हणाला. भिंत पडली न्हाई, म्हणजे चंद्री गेली न्हाई, म्हणजे हे सगळं सपान हाय. तेव्हापासून तो जाग यायची वाट बघत होता. रडला नव्हता. कुणावर ओरडला नव्हता. जेवायला दिलं तर जेवायचा, आणि सपनातल्या माणसांना नाराज कशाला करा, म्हणून सगळ्यांशी गोड बोलायचा. फक्त विशाखाला हाक मारायचा नाही. खरी विशाखा घरी आईजवळ निजलीय, असं त्याचं म्हणणं.

"उद्या सकाळी शहरातली एक संस्था पोरं न्यायला गाडी आणणार हाय. लांब, शाळेत घालायला. बापाचा होकार पाहिजे. संस्थेच्या साहेबानं ह्याला विचारलं, तर म्हणला, न्या की, जाग आल्यावर ती घरातच असंल." म्हातारीचा आवाज चिरला. "मला दिसत न्हाई नीट. मी किती दिस? पोरगीला बाप असून बाप न्हाई. त्येला उठवा, लेका."

जलीलनं हातातली वायर खाली ठेवली. "मावशी, एक पिच्चर हाय खरं. त्यातल्या माणसाला कळत नाही, सपान कुठलं अन् जागेपण कुठलं. पण त्यात सगळं शहर पडलेलं हाय. नुसता धूर अन् ढिगारे. तुम्हा लोकांना ते..."

"आमाला काय दावायचं राहिलंय?" नागुबाई म्हणाली. "तेच लावा."

शेड गच्च भरलं. नागुबाईनं नरसिंगला हाताला धरून मध्ये बसवलं. सात वर्षांची विशाखा अगदी पुढं, टीव्हीच्या उजेडात बसली, बापाकडं पाठ करून. तिला ती सवय झाली होती.

पिच्चर सुरू झालं. काळं आभाळ, मोडलेल्या इमारती, एकसारख्या कपड्यांतली माणसं रांगेनं चाललेली. जलील स्टुलावरून बोलू लागला, पण त्याचं लक्ष लोकांकडं होतं. कुणीतरी किंचाळेल, उठून जाईल, असं त्याला वाटत होतं. कुणी हललं नाही. ढिगाऱ्यावरून कॅमेरा सरकत गेला तशा माना सरकत गेल्या, आपल्याच गल्लीतून जावं तशा.

"ह्यांची किती गेली?" साखराबाईनं मध्येच विचारलं. ती बोलायला फटकळ होती.

"लई गेली, बाई."

"सरकारनं पत्रे तरी दिले का न्हाई?"

"नाही दिले."

"मग आपलं सरकार बरं म्हणायचं," साखराबाई म्हणाली, आणि अंधारात चार महिन्यांनी पहिल्यांदा काही लोक हसले.

मग ती खोली आली. स्वच्छ, पांढरी. एक माणूस उठतो, भिंतीला हात लावतो, बायको त्याला चहा देते. तो दार उघडतो, आणि बाहेर ढिगारे. तेवढ्यात पुन्हा तोच बिछाना, तोच उठतो, भिंतीला हात, बायको, चहा. एकदा कपाचा रंग वेगळा, एकदा बायकोचे केस मोकळे, एवढाच फरक. कुठल्याशा यंत्रानं त्याला ते घर दाखवत ठेवलं होतं, का ढिगारेच यंत्र दाखवत होतं, हे जलीलला दहा वेळा बघून कळलं नव्हतं. उदगीरला पिच्चर ह्या जागी आलं की पोरं बोंबलायची, "कॅसेट अडकली! पुढं ढकल!"

इथं कुणी ओरडलं नाही.

"हाव," मागून म्हातारे गुरुपादप्पा संथपणे म्हणाले. "असंच होतंय."

"रोज पहाटं," साखराबाई म्हणाली, आता तिचा आवाज खाली आला होता. "उठते, म्हशीला वैरण टाकायला हात लांब करते. म्हस न्हाई. मग पुन्हा उठते."

"माझ्या घराला दोन दारं होती. मी सपनात तिसऱ्या दारानं जातो," कुणी म्हणालं.

जलील बोलायचा थांबला. ज्या गोष्टीचं टोक त्याला कधी सापडलं नव्हतं, तिच्यातून ही माणसं आपल्या अंगणातून चालावं तशी चालली होती. कुठून कुठं जायचं ते त्यांना सांगावं लागत नव्हतं. अशी गोष्ट करणारा कुणी परदेशातला माणूस, त्यानं माळसांगवी कधी ऐकलीही नसेल; आणि तरी त्यानं इथल्या पहाटेला हात घातला होता. जलीलला स्टुलावर बसणं लाजिरवाणं वाटलं, पण उठवेना.

आता त्याची वेळ आली. पडद्यावर ढिगाऱ्यातून डोकं भादरलेली एक बाई येते, त्या माणसाचा दंड धरते. तो तिला काहीतरी विचारतो. जलीलनं मनात घोकून ठेवलं होतं.

"तो विचारतोय," जलील मोठ्यानं म्हणाला, "तू खरी हाईस, हे मी कसं मानू? अन् ती सांगते, जे दुखतं, ते खरं असतं!"

"सपनातबी दुखतं की," नरसिंग हसत म्हणाला.

उन्हानं तापलेला पत्रा कडाडला, तशी सगळी माणसं दचकून वर बघू लागली. एकटा नरसिंग दचकला नाही. जलीलनं चाचपडत पॉजचं बटण दाबलं. पडद्यावरची बाई तोंड उघडं टाकून थरथरत राहिली.

"पोट भरत न्हाई सपनात," साखराबाई नरसिंगकडं वळून म्हणाली. "कितीबी खा."

"माझंबी भरत न्हाई, वैनी."

"सपनात वास येत नसतोय," गुरुपादप्पा म्हणाले. "मातीचा वास घे."

"कुठंय मातीचा वास, आप्पा? मला येत न्हाई." नरसिंग सगळ्यांची समजूत काढत असल्यासारखा बोलत होता. "तुमी चांगली माणसं हाईत. जाग आल्यावर मी तुमाला इसरणार न्हाई."

जलीलची सगळी वळणं संपली होती. तेव्हा नागुबाईनं पदर सारखा केला आणि डोळे मिटून, जात्यावर बसल्यासारखी पुढं-मागं होत, अगदी बारीक आवाजात म्हटलं,

"सपनी आलं बाळ माझं, उंबऱ्यात बसलं,
चाळीस पावसाळं गेलं, तेवढंच दिसलं."

आणि ती थांबली. मग लेकाला म्हणाली, "तुज्या आदीचा एक होता. तुला ठाऊक हाय. तीन वरसाचा गेला. अजून येतो सपनात. तीनच वरसाचा. मी म्हातारी झाले, नरसिंगा, त्यो वाढला न्हाई. लई वाट बघितली मी. सपनातलं लेकरू वाढत न्हाई."

नरसिंगची नजर माणसांवरून सरकत पुढं गेली, टीव्हीच्या निळ्या उजेडात बसलेल्या पाठीवर थांबली. गवंड्याची नजर होती ती. ओळंबा न लावता भिंत झुकलेली ओळखणारी.

"विशाखा," तो म्हणाला.

पोरीनं वळून आजीकडं बघितलं, खरंच हाक आली का म्हणून.

"इकडं ये. उभी ऱ्हा."

ती आली. नरसिंग उभा राहिला आणि त्यानं तिला आपल्या पोटाशी टेकवून ताठ उभं केलं. चाकूरहून आला तीच बंडी अजून अंगात होती. बंडीच्या सगळ्यात खालच्या गुंडीला विशाखाचं डोकं लागायचं. कामावर निघताना रोज लागायचं, म्हणून ती गुंडी टोचती अशी तिची तक्रार असायची. त्यानं खाली बघितलं. गुंडी दिसेना. ती पोरीच्या केसांमागं गेली होती. त्यानं तिच्या माथ्यावर हात सपाट ठेवला आणि तो तसाच आपल्या पोटावर आणला. हात गुंडीच्या वर टेकला. मध्ये त्यानं बोट आडवं घालून बघितलं. पुन्हा तिला उभं केलं. पुन्हा बोट घातलं.

"टाचा उचलल्यास का?"

"न्हाई, आबा."

"बोटभर," नरसिंग म्हणाला. "बोटभर वाढली, आये."

जलीलनं आयुष्यात हजार चेहरे वाचले होते, पण असा चेहरा त्यानं पाहिला नव्हता. एका बाजूनं उजाडत होतं आणि त्याच उजेडात दुसऱ्या बाजूचं सगळं दिसू लागलं होतं. नरसिंगनं पत्र्याकडं बघितलं, घोंगड्यांकडं, एकेका माणसाकडं बघितलं. त्याचा एक हात पोरीच्या डोक्यावर तसाच होता.

"मग चंद्री?" त्यानं विचारलं.

नागुबाईनं दोन्ही हात जमिनीवर आपटले.

नरसिंगच्या तोंडून आवाज निघाला तो जनावराचा होता. तो गुडघ्यावर आला, पोरीच्या कमरेला मिठी घालून तिच्या पोटात तोंड खुपसलं. "माजी भिंत पडली," तो म्हणत होता, "आये, माजी भिंत पडली." साखराबाई उठून आली, मग बाकीच्या बाया, नागुबाईला मध्ये घेऊन त्यांनी चंद्रीचं नाव घेऊन रडायला सुरुवात केली. चंद्रीसाठी असं कुणी रडलं नव्हतं. तेव्हा एकेकीला रडायला गाव कुठं शिल्लक होतं? चंद्री कशी हसायची, तिच्या हातच्या भाकरीला कसा पापुद्रा सुटायचा, सगळं सुरात आलं. शेवटाला रडण्याचा ताल लागला, पेरणीच्या गाण्यासारखा.

पॉज कधीचा सुटला होता. पडद्यावर पिच्चर आपलं आपण चाललं होतं, मुकं. तो माणूस दाराशी आला, पांढऱ्या उजेडासमोर उभा राहिला, आणि शेवटची नावं सुरू झाली. कुणाचं लक्ष नव्हतं. जलील स्टुलावरून उतरून खाली मातीत बसला.

उन्हं कलल्यावर तो टेम्पोत सामान भरत होता, तेव्हा नरसिंग आला. डोळे सुजलेले, आवाज बसलेला. विशाखा त्याच्या खांद्यावर झोपली होती. एवढी मोठी पोरगी, पाय लोंबत होते. पण त्यानं तिला खाली ठेवलं नव्हतं.

"आयेला सांगितलं," तो म्हणाला. "उद्या गाडी आली तर म्हणावं, बाप हाय हिला."

जलीलनं मान हलवली.

"त्या माणसाचं काय झालं, जलीलभाई? त्यो दारातला. भाईर आला का?"

वीस उत्तरं जलीलच्या जिभेवर तयार होती. "मला ठाऊक नाही," तो म्हणाला. "खरंच नाही. त्याच्या पुढं काही दावलंच नाही."

नरसिंगनं टेम्पोतल्या टीव्हीच्या काळ्या काचेकडं बघितलं.

"आत बायको हाय त्येची," तो म्हणाला. "येळ लागंल."