आईला तळं करायला आले होते

आई गेल्यानंतर तिसऱ्या दिवशी जालिनुस मामा तिला उपमा द्यायला आला. मामा आमच्या कुळाचा दातुक, म्हणजे मानकरी. कुळात कुणी गेलं की त्याला उपमा देण्याचा हक्क त्याचा. काळी टोपी, काळा अंगरखा, कमरेला कट्यार. जिना चढून आला आणि त्याने पहिलं विचारलं, "रेंदांग शिजलं का?"

आमच्याकडे उपमा लागते. कुणी कुणाला माकड म्हटलं तर शेपूट फुटतं. पण जिवंत माणसाला ती फार वेळ चिकटून राहत नाही. तो आपल्या वागण्याने ती झाडून टाकतो. एका लग्नात मामाने भर पंगतीत सांगितलं होतं, "आमची ताई म्हणजे गाय." आईच्या डोक्यावर शिंगं आली. तिने मान वर केली आणि म्हणाली, "जालिनुस, मागच्या लग्नात तुझी बायको गाय होती. त्याच्या मागच्या लग्नात सासू. अरे, दुसरं जनावर पाहिलंच नाहीस का कधी?" शिंगं खाली पडली. लोक इतके हसले की कुणाला घास गिळवेना. मामा त्या दिवशी न जेवता गेला. नंतर कितीतरी दिवस तो आमच्या दारावरून मान खाली घालून जायचा.

मेलेल्याला अशी उलटून बोलायची सोय नसते. त्याला लागलेली उपमा कायमची. फोटोतलं माणूस जातं आणि तिथे ती वस्तू येते. घरच्यांच्या आठवणीतही तीच येऊन बसते. माझी आजी दिवा आहे. मामानेच केली. तिला आठवायला गेले की मला उजेड आठवतो. तिचे हात, ती मला कोणत्या नावाने हाक मारायची, यातलं काही आठवत नाही. आमच्या गावात कोणत्याही घरात जा, भिंतीवर दिवे, वड आणि वाघ टांगलेले असतात. बायका बहुतेक दिवे. पुरुष वड, बायकोला मारणारेसुद्धा वड. घरचे पाहुण्याला दाखवतात, "हे आमचे आजोबा," आणि पाहुणा पारंब्यांचं कौतुक करतो. मी पादांग शहरातल्या कॉलेजात साहित्य शिकवते. वाईट लेखक खूप वाचले आहेत. पण त्यांचं लिहिलेलं निदान पुस्तक मिटलं की संपतं.

"काय म्हणणार आहात?" मी मामाला विचारलं.

"तळं. शांत तळं."

"आई?"

"मग काय ज्वालामुखी म्हणू?" त्याने खिडकीतून मारापी डोंगराकडे बोट दाखवलं. "तो एक आहे तेवढा पुरे गावाला."

"आई शांत नव्हती, मामा."

"आता आहे," मामा म्हणाला आणि त्याने चटईवर बैठक मारली.

मी स्वयंपाकघरात गेले. यारनिस मावशी रेंदांगच्या कढईत डाव फिरवत होती; नारळाच्या दुधात मांस आटत आलं होतं.

"मावशी, त्याला थांबव."

"निदा, दातुक आहे तो. शहरात राहिलीस म्हणून काय झालं, रीत ती रीत."

"तुला आजीचा आवाज आठवतो?"

"दिव्याला कसला आवाज असतो गं?" मावशी सहज बोलून गेली. मग तिचा डाव थांबला. पण बाहेरून हाक आली आणि ती रेंदांगचं भांडं घेऊन निघाली.

उपमा तीन वाक्यांत देतात. प्रत्येक वाक्यानंतर घरातल्या बायकांनी "मानलं" म्हणायचं असतं, कारण आमच्यात घर बायकांचं. तिन्ही मानली की उपमा बसली. आजवर कुणी मानलं नाही असं झालेलं नाही. मामा काय बोलतो तेही कुणी ऐकत नाही. वाढता वाढता म्हणून टाकतात.

पुरुष भिंतीला टेकून बसले होते. मामाने घसा साफ केला.

"माझी ताई म्हणजे तळं. तिच्या कपाळावर कधी तरंग उठला नाही."

"वा, दातुक!" कुणीतरी म्हणालं.

"मानलं," मावशी वाढता वाढता म्हणाली. मागच्या बायकाही म्हणाल्या. माझ्या हातात कॉफीच्या पानांच्या काढ्याची किटली होती. ती खाली ठेवेपर्यंत ते होऊन गेलं. दारावरच्या फोटोत आईचं कपाळ नव्हतं. केस आणि डोळे यांच्या मधे पाणी होतं. ती रागावली की कपाळावर काय व्हायचं, ते मी आठवायला गेले. ती रागवायची एवढं माहीत होतं. कपाळ येईना.

"त्या तळ्याच्या काठी," मामा म्हणाला, "कधी आवाज झाला नाही."

"नाही मानलं," मी म्हणाले.

एक म्हातारे गृहस्थ मला समजावू लागले, "पोरी, इथे मानलं म्हणायचं असतं."

"माहीत आहे. नाही मानलं."

मामा हसला. "बरं. मग तू दे. एवढी पुस्तकं वाचलीस. सांग, कशी होती तुझी आई?"

सगळे माझ्याकडे वळले. उपमा सुचत होत्या, मामाच्या उपमांपेक्षा पुष्कळ बऱ्या. भिंतीवर शोभल्या असत्या.

"मिरच्या वाटताना ती बडबडायची," मी म्हणाले. "हसताना तोंडावर हात घ्यायची नाही. खोटं बोललेलं तिला कळायचं आणि ती चारचौघांत सांगायची. तुम्हाला हे माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे, मामा."

"यात उपमा कुठे आहे?"

"नाही."

"उपमेशिवाय मेलेलं माणूस टिकत नाही, निदा. आज आवाज आहे, उद्या अर्धा असेल. म्हातारी होशील तेव्हा हाती काही उरणार नाही. तळं तरी राहील."

तो या एका बाबतीत खरं बोलत होता.

"जे जाईल ते आईचं जाईल," मी म्हणाले. "तुमचं तळं घेऊन मी काय करू?"

मामाने मान फिरवली. "यारनिस, तू म्हण. घर तुझंही आहे. एकीने म्हटलं तरी चालतं."

मावशी फोटोकडे बघत होती. "ताई मला आळशी म्हणायची. ते मला आठवेल का रे?"

"तळं कुणाला आळशी म्हणतं का?"

"मग नाही मानलं." मावशीने भांडं खाली ठेवलं. "दुसरं कुणी मला तसं म्हणत नाही. आणि मी आहे आळशी."

मागच्या बायकांपैकीही कुणी मानलं म्हटलं नाही. मामाने एकेकीकडे पाहिलं. मग ताट पुढे ओढलं आणि रेंदांग दोनदा घेतलं.

आईचं कपाळ परत आलं नाही. परवा तिच्या शिंकेचा आवाज आठवेना. मी दिवसभर कॉलेजात शिकवत राहिले.

सुट्टीत घरी आले की मी आणि मावशी भांडतो. आई हळदीचं पान नारळाच्या दुधाआधी घालायची की नंतर, यावरून. मावशी म्हणते आधी. मी म्हणते नंतर. मागच्या वेळी इतकं वाजलं की शेजारीण जिन्यापर्यंत आली.

"काय झालं? कशावरून भांडताय?"

"आईवरून," मी म्हणाले.

"आमच्याकडे वडावरून कधी भांडण झालं नाही बाई," ती म्हणाली. अभिमानाने म्हणाली.