कोल्हिणीचा नवरा

"हे आधी पाहून घ्या," मनकर्णाबाई म्हणाली आणि तिने पोलक्याची बाही कोपराच्या वर सरकवली. कोपरापासून दंडापर्यंत पांढरं कोड होतं. "पाठीवरबी हाय. मंग म्हणसान, सांगतलं नाही."

शेषराव थेटरच्या जिन्याखाली हातात भोंगा धरून उभा होता. माझ्याशी पाट लावायचा का, असं त्यानेच तिला आठ दिवसांपूर्वी विचारलं होतं. रविवारी सांगते, म्हणाली होती. आज रविवार.

"त्या कोल्हिणीनं लपवलं, म्हणून तिचे हाल झाले," ती म्हणाली. "मी लपवत नाही. आता तुम्ही बोला."

तेवढ्यात मॅनेजर भगवंतरावांची हाक आली आणि शेषराव पळाला. खरं सांगायचं तर सुटला.

ही कोल्हीण पडद्यावरची. खामगावच्या त्या थेटरात ठरलेलं चित्र आलंच नाही; वितरकाने त्याऐवजी एक जपानी चित्र धाडलं. सगळं हाताने काढलेलं, माणसंसुद्धा. त्यात एक कोल्हीण बाईचं रूप घेते आणि एका लाकूडतोड्याशी संसार मांडते. कान फडक्याखाली, शेपटी झग्यात. भाषा कुणाच्या बापाला कळत नव्हती. मराठीला राज्य मिळून चार वर्षं झाली होती, पण जपानी चित्राला मराठी बोलायला लावणारा माणूस खामगावात एकच होता, शेषराव. एरवी तो टांग्यातून चित्राची जाहिरात करत फिरायचा. असं परकं चित्र आलं की पडद्याशेजारी माईक घेऊन बसायचा आणि राजापासून म्हातारीपर्यंत सगळ्यांचं एकटाच बोलायचा. वय बेचाळीस, लग्न राहून गेलेलं.

मनकर्णाबाई जनान्याच्या, म्हणजे बायकांच्या बाजूच्या, दारावर तिकिटं फाडायची. नवऱ्याने तिला लग्नानंतर पंधरा दिवसांत माहेरी आणून सोडलं आणि पुढे काडीमोड घेतला. का, ते थेटरात कुणाला ठाऊक नव्हतं. शनिवारी चित्र चालवून पाहिलं, तेव्हा ती रिकाम्या जनान्यात एकटीच शेवटपर्यंत बसली होती.

बाराच्या खेळाला शेषराव रंगात होता. चूल फुंकताना कोल्हिणीला शिंक आली, कान बाहेर आले. "अवं माय, झाका ते, मालक आले!" तो म्हणाला आणि जनाना खळखळून हसला. मग लाकूडतोड्या अवेळी घरी आला. न्हाणीत त्याला शेपटी दिसली. पडद्यावर तो काहीतरी बोलला.

माईक गप्प.

"बोल ना बे! वाचा बसली काय?" पुढच्या बाकांवरून कुणीतरी ओरडलं.

"शेपटी हाय तं हाय," शेषराव म्हणाला. "मले काय फरक पडते? तू मले पसंत हायस. चाल, जेवाले वाढ."

पडद्यावर नवऱ्याने बायकोला बाहेर ढकललं आणि दार लावून घेतलं.

थेटर हसून लोळलं. "जेवाले वाढ म्हनते अन् बाहेर ढकलते बे!" शिट्ट्या थांबेनात. शेषरावाने मात्र हट्ट सोडला नाही. चित्र संपेपर्यंत तो त्या माणसाला चांगला नवरा करत राहिला.

"पिच्चरात हाय तेच बोलाचं," खेळ सुटल्यावर भगवंतरावांनी झापलं. "तीनच्या खेळाले असं केलं तं घरी बस."

शेषराव जनान्याच्या दाराशी गेला. मनकर्णाबाई शेंगांची टरफलं झाडत होती.

"आयकलं?"

"आयकलं. साऱ्या थेटरानं आयकलं."

"तुमच्यासाठीच बोललो ते."

"समजलं मले." तिने झाडू भिंतीला लावला. त्या क्षणी तिला आशा होती, अगदी उघड. "मंग आता बोला. इथं माईक नाही. माह्याकडं पाहून बोला."

शेषरावाने चेहऱ्याकडे पाहायचं ठरवलं होतं. नजर बाहीवर गेली आणि तिथेच राहिली. ही नजर तिच्या ओळखीची होती.

"राहू द्या," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता, आणि त्याचीच शेषरावाला जास्त शरम वाटली.

तीनच्या खेळाला न्हाणीची जागा आली तेव्हा तो चुकला नाही. "निंघ माह्या घरातून! पुन्हा तोंड दाखवू नको!" आवाज खणखणीत लागला होता. जनान्यात बाया पदराने डोळे पुसू लागल्या.

दाराजवळ बसलेली एक म्हातारी तरातरा उठली. "आग लागो त्याच्या तोंडाले! कोन हाय वं तो मेला, असा बोलून राह्यला?"

"त्याले काऊन शिव्या देता, माय?" मनकर्णाबाई हळूच म्हणाली आणि तिने म्हातारीला हात धरून खाली बसवलं. "तो निस्ता दुसऱ्याचं बोलते."