बावीस वेळा बस

तीन तासांच्या समारंभाचं चित्रण वीस मिनिटांत बसवण्यात भाच्याचा हातखंडा होता. जांभया, खोकले, तेच तेच बोलणं तो डोळे मिटून गाळायचा. म्हणून आत्या आपलं चित्रण घेऊन थेट त्याच्या संकलनाच्या खोलीत आली.

अर्धांगाचा झटका आल्यापासून आतोबांच्या तोंडी एकच शब्द उरला होता, ‘बस’. हयातभर वकिली केलेला बोलघेवडा माणूस तो! आत्याने वर्षभर मोबाइलवर त्यांना टिपलं होतं आणि ते तुकडे एकापाठोपाठ लावून आणले होते. वाचनालयात लघुपट दाखवणार होते, त्यासाठी तिला या तुकड्यांचा सिनेमा करायचा होता.

भाच्याने बावीस ‘बस’ मोजले आणि कात्री चालवली. उरले तीन.

“बघ, कसं सुटसुटीत झालं!”

आत्या पडद्याकडे बघतच राहिली. “अरे, झटक्याने त्यांची वाचा नेली. उरलीसुरली तू नेलीस.”

भाचा वरमला. कानाला हेडफोन लावून पहिल्यापासून ऐकू लागला. दारात शेजारी आला, तेव्हाचा ‘बस’ ऐसपैस होता. ताटात वाढताना घाईचा. व्यायाम करवून घेणाऱ्या बाईंवर तर तो शिवीसारखा सुटला होता. आत्या दाढी करून देताना तिचं मनगट धरून ते एकदा हलकेच ‘बस’ म्हणाले होते. तो तुकडा भाच्याने मागे नेऊन पुन्हा ऐकला.

त्याने सगळे बावीस जागच्या जागी परत ठेवले.

“आत्या, हा क्रम तूच लावलास?”

“मग कोण? चाळीस वर्षं त्यांची लांबलचक वाक्यं ऐकली, अर्धं लक्ष चुलीकडे ठेवून. नीट ऐकायला आत्ता कुठे लागलेय.”

इतकी वर्षं या धंद्यात काढून आपल्याला हे सुचलं नाही, याचं त्याला नवल वाटलं. आत्या तर हे कधी कुठे शिकली नव्हती!

वाचनालयात पहिल्या चार ‘बस’ला लोक हसले. सातव्याला एकजण उठून गेला. बाराव्यानंतर खुर्चीही करकरली नाही. पुढच्या रांगेतली एक बाई तर ओठांतल्या ओठांत पडद्यावरच्या आतोबांबरोबर बोलू लागली होती.

शेवटी नावं आली. आत्याने हट्टाने सर्वांत आधी घालायला लावलेली ओळ होती ‘संवाद’, आणि पुढे आतोबांचं नाव. आत्याशेजारी बसलेल्या आतोबांनी हवेत बोट फिरवत ती दोनदा वाचली, मग चांगल्या हाताने शर्टाची कॉलर नीट केली.