ब्याण्णवची सरासरी

बास्केटबॉल संघाची सरासरी सामन्यामागे ब्याण्णव गुणांवर गेली, तेव्हा सगळ्यांनी लंबूला डोक्यावर घेतलं, कारण लांबून चेंडू जाळीत टाकायचा तो. प्रशिक्षकाला खरं काय ते ठाऊक होतं. समोरचे सावरायच्या आत प्रशिक्षकाचा सख्खा भाचा चेंडू घेऊन वाऱ्यासारखा पलीकडे पोचायचा, म्हणून लंबूला मोकळी जागा मिळायची. आणि भाचा पळायचा तो गुडघ्यातल्या इंजेक्शनच्या जोरावर.

मध्ये दोन सामने गुडघ्याला आराम म्हणून त्याला बाहेर बसवलं, तर गाडी सत्तरीतच रुतली. संघाचे मालक भर बैठकीत म्हणाले, "भाच्याचे लाड घरी करा."

सकाळीच ताईचा फोन आला होता. "पोराला अजून सुया टोचताय का रे?"

"छे गं, कधीच बंद केल्या," प्रशिक्षकाने ठोकून दिलं होतं.

आता कपडे बदलायच्या खोलीत डॉक्टर सुई भरून उभे होते. प्रशिक्षकाने मान हलवल्याशिवाय ते टोचत नसत. एरवी तो मान हलवायचा आणि पाठ फिरवून फळ्यावर चाली काढत बसायचा. आज नाही म्हणायचंच, असं घोकत तो आला होता. पण बाहेर प्रेक्षकांचा गलका वाढला आणि नाही म्हणायचं सोडून तो खडू चाळवत राहिला.

भाच्याने आपणहून पट्टा सोडला, सुजलेला गुडघा पुढे केला.

"मामा, तू फळ्याकडे बघ," तो समजूत काढावी तसा म्हणाला. "आईला मीही बंद केल्याचंच सांगितलंय."